तीन चाके आणि मुंबईचा पाऊस

जून महिन्याचा पहिला पंधरवडा उलटून नैर्ऋत्य मोसमी वारे कोकणपट्टीवर स्थिरावले, की अंधेरी, घाटकोपर, कांदिवली अथवा मुलुंड यांपैकी कोणत्याही स्थानकाबाहेर दिवेलागणीच्या सुमारास एकच दृश्य पाहावयास मिळते: गाडीतून उतरलेली शेकडो माणसे एका हाताने छत्री आणि दुसऱ्या हाताने पिशवी सांभाळीत, समोरून येणाऱ्या प्रत्येक काळ्या-पिवळ्या रिक्षापुढे वाकून आपल्या मुक्कामाचे नाव उच्चारतात, आणि रिक्षावाला बहुधा न थांबताच मानेला एक हिसका देऊन पुढे निघून जातो. या नकारास मुंबईच्या बोलीत ‘मुजोरी’ हे एकच नाव आहे, आणि वृत्तपत्रांतील वाचकांच्या पत्रव्यवहारात ते दर पावसाळ्यात न चुकता छापून येते. मुजोर माणसे प्रत्येक धंद्यात असतात, तशी ती या धंद्यातही आहेत. त्यांची वकिली करण्याचा येथे हेतू नाही. परंतु जो माणूस मे महिन्यात फारशी खळखळ न करता येतो, तोच जुलै महिन्यात का येत नाही, हा प्रश्न स्वभावाच्या आधाराने सुटत नाही, कारण माणसाचा स्वभाव ऋतुमानाप्रमाणे पालटत नसतो. त्याचे उत्तर शोधावयाचे, तर वाहनाची घडण, शहराची भूमी आणि भाड्याचा हिशेब या तीन गोष्टी क्रमाने तपासाव्या लागतात.

ऑटोरिक्षा हे वाहन मुळात माणसे वाहण्यासाठी जन्मास आलेले नाही. इटलीतील पियाज्जो हा विमाने बांधणारा कारखाना दुसऱ्या महायुद्धात बाँबवर्षावाने उद्ध्वस्त झाला, आणि युद्धोत्तर दारिद्र्यात खपेल अशी स्वस्त वस्तू निर्माण करणे भाग पडल्यामुळे, पूर्वायुष्य हेलिकॉप्टरच्या आराखड्यांत घालविलेल्या कोर्रादीनो द’अस्कानियो या अभियंत्याकडून त्याने १९४६ साली ‘वेस्पा’ नावाची स्कूटर करवून घेतली. पुढे दोनच वर्षांत त्या स्कूटरच्या मागील एका चाकाच्या जागी दोन चाके आणि त्यांवर मालाची पेटी बसवून ‘आपे’ ही तिचाकी गाडी निघाली. मोटार घेण्याची ऐपत नसलेल्या किरकोळ दुकानदारांचा माल घरोघर पोहोचविणे, एवढेच तिचे नियत कार्य होते. भारतात त्याच सुमारास माणसाने माणसास ओढून नेण्याच्या प्रथेविषयी लोकमत प्रतिकूल होत चालले होते, आणि या मालवाहू तिचाकीवर प्रवाशांसाठी आसन बसवून त्या प्रथेस पर्याय देता येईल, हा विचार येथे रुजविणाऱ्यांत नवलमल फिरोदिया यांचे नाव अग्रभागी घेतले जाते. बजाजांच्या बच्छराज ट्रेडिंग कॉर्पोरेशनने ही वाहने प्रथम परदेशातून मागविली, १९५९ साली केंद्र सरकारकडून उत्पादनाचा परवाना मिळविला, आणि १९७७ साली इंजिन पाठीमागे असलेली रिक्षा बाजारात आणली. आज मुंबईच्या उपनगरांत धावणारी रिक्षा हिचीच वंशज होय. आणि मूळच्या पियाज्जो कंपनीनेही पुढे बारामतीस कारखाना घालून आपली तिचाकी वाहने महाराष्ट्रातच तयार करण्यास आरंभ केला.

या कुलवृत्तांताचा पावसाशी निकटचा संबंध आहे, कारण स्कूटरचे गुण आणि स्कूटरचे दोष, दोन्ही रिक्षाने वारशाने घेतले आहेत. सुकाणूचे चक्र नसून दुचाकीसारखा दांडा आहे. डाव्या मुठीने गिअर बदलावयाचा, उजव्या मुठीने वेग द्यावयाचा आणि उजव्या पायाने ब्रेक दाबावयाचा. चाके इतकी लहान, की त्यांच्या धावेचा व्यास अवघा आठ इंच. सुमारे तीन मीटरांच्या त्रिज्येत ती वळते, त्यामुळे जेथे मोटारीस तीनदा मागेपुढे व्हावे लागेल, त्या चाळींच्या बोळात ती एका फेऱ्यात तोंड फिरविते. कोरड्या ऋतूत हे सारे गुणच ठरतात. परंतु आकाश फाटले, की हिशेब उलटतो.

मोटारीची पुढची चाके ज्या दोन रेषांवरून जातात, साधारणपणे त्याच रेषांवरून तिची मागची चाकेही जातात. म्हणजे चाके चार असली, तरी चाकोऱ्या दोनच. वाटेत खड्डा आला, तर जाणता चालक तो खड्डा दोन चाकोऱ्यांच्या मधोमध घेतो आणि गाडी धक्का न बसता पार होते. रिक्षाला ही सवलत निसर्गतःच नाही, कारण तिचे पुढचे चाक नेमके मध्यभागी असल्यामुळे तिच्या चाकोऱ्या तीन होतात, आणि एकूण रुंदी सव्वा मीटरच्या आसपास असल्यामुळे शेजारच्या दोन चाकोऱ्यांत हातभर अंतर उरते. याहून रुंद खड्डा तिन्ही चाके चुकवून ओलांडणे शक्य नाही. तो पूर्णपणे वळसा घालूनच टाळावा लागतो, आणि खच्चून भरलेल्या रस्त्यावर वळसा घालण्यास जागा कोठून आणावयाची? त्यातच चाक लहान असल्यामुळे बसचे मोठे चाक ज्या खळग्यावरून नुसते घसरून जाईल, त्यात रिक्षाचे चाक तळापर्यंत उतरते आणि आतील प्रवाशाचे मस्तक छपराच्या नळीवर आदळते.

खड्डे पावसाळ्यातच का पडतात, याचे कारण डांबर आणि पाणी यांच्या वैरात आहे. रस्त्याच्या पृष्ठभागावरील बारीक भेगांतून पाणी आत शिरते, खडी आणि डांबर यांमधील पकड सैल करते, आणि वरून जाणाऱ्या प्रत्येक अवजड चाकाच्या दाबाने ते आतल्या आत ढकलले जाऊन खडीचा थर उचलते. एकदा एक खडा निखळला, की शेजारच्याला आधार उरत नाही. पाण्याने भरलेला खड्डा सपाट रस्त्यासारखाच दिसतो, आणि तो ओळखण्याची जी विद्या मुरलेल्या रिक्षावाल्यांनी संपादन केलेली असते, ती कोणत्याही प्रशिक्षणशाळेत शिकविली जात नाही. असा चालक पाण्याकडे पाहत नाही, पुढच्या वाहनाकडे पाहतो: पुढील रिक्षा कोठे एका अंगाला कलली, दुचाकीस्वाराने पाय कोठे खाली टेकला, बसच्या मागच्या चाकाने पाणी कोठे अधिक उंच उडविले, यांवरून तो तळाचा नकाशा मनाशी तयार करतो आणि बसच्या चाकाने दाखविलेली वाट धरतो.

तीन चाकांच्या वाहनाचा तोल हा यापुढचा प्रश्न. त्याचे तीन पाय जमिनीवर एक त्रिकोण आखतात, आणि वजनाचा केंद्रबिंदू त्या त्रिकोणाच्या आत राहील तोवरच वाहन उभे राहते. प्रवासी मागे बसलेले असताना भार त्रिकोणाच्या रुंद पायाकडे असतो आणि गाडी स्थिर राहते. परंतु वळता वळता जोराने ब्रेक दाबला, तर भार पुढे, म्हणजे त्रिकोणाच्या निमुळत्या टोकाकडे, सरकतो आणि बाहेरच्या बाजूचे चाक कण्यासारखे धरून गाडी कलंडू पाहते. म्हणून ओल्या रस्त्यावर जुना चालक वळणाच्या अलीकडेच वेग कमी करतो आणि वळणात ब्रेकला पाय लावीत नाही. 

पाऊस कोसळू लागला म्हणजे रिक्षाच्या आत जे काय घडते, तेही पाहण्यासारखे आहे. दोन्ही बाजूंस गुंडाळून ठेवलेले रेक्झीनचे पडदे चालक सोडतो आणि खालच्या पट्ट्या दांडीस बांधतो. तरी पावसाची तिरकी झड पडद्याच्या कडेने आत येतेच, आणि प्रवासी आसनाच्या मध्यभागी सरकत सरकत अखेर गुडघे जुळवून बसतो. चालकास मात्र पडदा घेता येत नाही, कारण उजवीकडील वाहने त्यास दिसली पाहिजेत. त्याचा उजवा खांदा चार महिने ओलाच असतो. पुढच्या काचेवर थेंबांची जाळी जमू लागली, की काही चालक तंबाखूची चिमूट ओली करून काचेवर चोळतात. हा तोडगा अडाणी वाटला, तरी त्यामागे भौतिकशास्त्र आहे: काचेवर जे पाणी सुट्या थेंबांच्या रूपाने थिजून दिवे विखरून टाकते, तेच या लेपामुळे पातळ पापुद्र्यासारखे पसरून खाली वाहून जाते आणि समोरचे दिसू लागते.

साचलेल्या पाण्यात गाडी घालणे हा मात्र जुगार आहे. इंजिन मागे आणि बरेच खाली, धुराची नळी त्याहून खाली. नळी पाण्यात बुडाली तरी इंजिन जोरात फिरते आहे तोवर आतल्या वायूचा दाब पाणी बाहेर लोटीत राहतो. म्हणून चालक पहिल्या गिअरवर, अर्ध्या क्लचवर, उजवी मूठ न सोडता, एकसारखा घरघराट करीत गाडी नेतो. मध्येच कोणी आडवे आले आणि मूठ सैल झाली, तर पाणी नळीतून मागे शिरते. याहून वाईट म्हणजे हवा ओढण्याच्या मार्गाने पाणी आत गेले, तर ते हवेप्रमाणे दाबले जात नसल्यामुळे इंजिनाचे अवयवच मोडतात, आणि दोन घटकांच्या अविचारापायी चालकाची कित्येक दिवसांची कमाई कारागिराच्या हाती जाते. पाण्यातून सुखरूप बाहेर पडल्यावरही काही अंतरापर्यंत ब्रेकवर विसंबता येत नाही. ओले अस्तर घासून वाळावे म्हणून चालक चालत्या गाडीत ब्रेक हलकेच दाबीत जातो. गुडघाभर पाण्याकडे बोट दाखवून ‘तेवढे पलीकडे घ्या’ असे म्हणणाऱ्या प्रवाशास नकार मिळतो, त्यात या यंत्राचा वाटा केवढा आहे, हे एवढ्यावरून ध्यानात यावे.

आता भूमीकडे वळू. रिक्षांना मुंबईत सरसकट मुभा नाही. पश्चिमेस वांद्रे आणि पूर्वेस शीव ही त्यांची दक्षिणेकडील हद्द होय, आणि तिच्या दक्षिणेस टॅक्सीचा अंमल सुरू होतो. योगायोग असा, की पावसाचा जोरही या हद्दीच्या उत्तरेस अधिक आहे. जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत कुलाब्याच्या वेधशाळेत सरासरीने सुमारे २,१०० मिलिमीटर पाऊस पडतो, तर सांताक्रूझच्या वेधशाळेत सुमारे २,३००. २६ जुलै २००५ रोजी हा भेद पराकोटीस गेला: चोवीस तासांत सांताक्रूझ येथे ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, आणि त्याच दिवशी कुलाब्यास केवळ ७३. म्हणजे ज्या उपनगरांची सारी मदार तीन चाकांवर आहे, त्यांच्याच माथी आभाळाचा अधिक भार पडला.

उपनगरांतील रेल्वेचे मार्ग दक्षिणोत्तर धावतात, आणि डोंगराकडून येणाऱ्या पाण्याची स्वाभाविक ओढ बहुतांशी पश्चिमेकडे, समुद्राच्या दिशेने असते. रेल्वेचा भराव या ओढीस आडवा येतो. माणसांनाही हा भराव ओलांडावा लागतो, म्हणून त्याखालून अंधेरी, मिलन, खार, मालाड अशा ठिकाणी भुयारी मार्ग काढले गेले; आणि भोवतालच्या जमिनीहून खोल असलेला प्रत्येक मार्ग अतिवृष्टीत आपोआप पाण्याचा हौद बनतो. शहरातील जुनी पर्जन्यवाहिन्यांची व्यवस्था तासाला २५ मिलिमीटर पाऊस, तोही ओहोटी असताना, वाहून नेण्याच्या बेताने आखलेली होती; १९९३ साली सादर झालेल्या ‘ब्रिमस्टोवॅड’ अहवालाने ही क्षमता दुप्पट करण्याची शिफारस केली. भरतीच्या वेळी समुद्राची पातळी नाल्यांच्या मुखांहून वर चढते, आणि मग पाणी बाहेर जाण्याऐवजी आत येऊ पाहते. यास्तव इर्ल्यासारख्या ठिकाणी पंप बसवून ते बळाने बाहेर टाकावे लागते. २००५ च्या प्रलयानंतर डॉ. माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या सत्यशोधन समितीने या साऱ्या व्यवस्थेची सविस्तर छाननी केली. आपल्या विषयापुरते सांगावयाचे, तर मुसळधार पाऊस आणि मोठी भरती एका वेळी आली, की पूर्व-पश्चिम दळणवळणाची दारे एकामागून एक बंद होतात आणि सारी वाहने उरल्यासुरल्या पुलांवर लोटतात. आगगाडी माणसास दक्षिणेकडून उत्तरेस आणून सोडते. स्थानकापासून घरापर्यंतचा जो आडवा तुकडा, तो रिक्षाचा, आणि पाणी नेमका तोच तुकडा तोडते.

तिसरी गोष्ट हिशेबाची. रिक्षाचे भाडे रिक्षावाला ठरवीत नाही. ते मुंबई महानगर प्रदेश वाहतूक प्राधिकरण मुक्रर करते. १ फेब्रुवारी २०२५ पासून पहिल्या दीड किलोमीटरास २६ रुपये आणि पुढे दर किलोमीटरास १७ रुपये १४ पैसे असा दर अमलात आला. मध्यरात्रीपासून पहाटे पाचपर्यंत त्यावर चतुर्थांश जादा. या आकड्यांत थोडे खोल शिरले, तर एक गोष्ट उघड होते. २६ रुपयांस दीड किलोमीटरांनी भागले, तर किलोमीटरास १७ रुपये ३३ पैसे पडतात. म्हणजे जवळच्या फेरीस शासनाने जवळजवळ कोणतीही जादा बिदागी ठेवलेली नाही, आणि मीटर हा मुख्यतः अंतराचा धनी आहे. मोकळ्या रस्त्यावर तासाला २० किलोमीटर वेगाने प्रवासी नेणाऱ्या चालकाच्या मीटरवर तासाभरात सुमारे ३४३ रुपये उमटतात; तुंबलेल्या रस्त्यावर वेग ताशी ६ किलोमीटरांवर आला, की अंतराचे म्हणून जेमतेम १०३ रुपये होतात. थांबून राहिल्याचा आकार मीटर त्यात मिळवितो खरा, परंतु त्याने ही खिंड बुजत नाही. दुसरीकडे, जो चालक दुसऱ्याची गाडी पाळीने घेऊन चालवितो, त्यास मालकाचे ठरलेले भाडे पाऊस असो वा नसो द्यावे लागते, सी.एन.जी.साठी पंपावरच्या रांगेत तिष्ठावे लागते, आणि वाहतुकीत अडकलेल्या इंजिनाचा गॅस काही फुकट जळत नाही.

अशा स्थितीत चालक स्थानकाबाहेर उभा राहून मनातल्या मनात एकच विचार करतो: या प्रवाशाचा रस्ता वाहता आहे की तुंबलेला, आणि पलीकडे सोडल्यावर परतीचे भाडे मिळेल की रिकामे यावे लागेल? ज्या गावाचे नाव ऐकून तो मान हलवितो, त्या गावाच्या वाटेवर बहुधा एखादा भुयारी मार्ग तरी असतो, नाही तर अरुंद पूल तरी. पावसात रिक्षाला मागणी वाढते आणि त्याच क्षणी प्रत्येक फेरी लांबल्यामुळे रिक्षांचा पुरवठा घटतो. रस्त्यावर गाड्या तितक्याच असतात, परंतु तासाला चार फेऱ्या करणारी गाडी दोनच करू लागली, म्हणजे व्यवहारतः निम्म्या गाड्या नाहीशा झाल्या.

कायद्याची भूमिका याबाबत निःसंदिग्ध आहे. मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या १७८ व्या कलमान्वये भाड्याने चालणाऱ्या अशा वाहनाच्या चालकाने भाडे नाकारणे हा दंडनीय अपराध होय. परवाना, बिल्ला, गणवेश, ठराविक मुदतीने होणारी गाडीची तपासणी, जिला धंद्यात ‘पासिंग’ म्हणतात, या सर्व बंधनांनी रिक्षावाला शासनाशी बांधलेला आहे. आणि सार्वजनिक सेवेचा परवाना ज्याने घेतला, त्याने प्रवाशाची निवड करू नये, हे तत्त्व सर्वथा न्याय्य आहे. परंतु तोच कायदा मध्यरात्रीचे कष्ट ओळखून त्यांचे मोल देतो, आणि भर पावसातील कष्टांचे देत नाही. मोबाइलवरून वाहने पुरविणाऱ्या कंपन्यांना गर्दीच्या वेळी दर वाढविण्याची मोकळीक केंद्र सरकारच्या मार्गदर्शक तत्त्वांनी दिली: २०२० साली मूळ भाड्याच्या दीडपटीपर्यंत, आणि २०२५ साली दुपटीपर्यंत. याचा अर्थ असा, की पावसाचा खर्च खरा आहे हे शासनास मान्य आहे; केवळ रस्त्यावर हात करून थांबविलेल्या रिक्षाच्या मीटरमध्ये त्यास जागा नाही. मग तो खर्च नकाराच्या रूपाने वसूल होतो, आणि ज्याच्याजवळ दुप्पट पैसे नाहीत, अथवा जो म्हातारा मोबाइलच्या खटाटोपात पडत नाही, तो भिजत उभा राहतो.

लोकांनी आपल्यापुरता एक मार्ग काढला आहे, तो म्हणजे शेअर रिक्षा. स्थानकाबाहेरील ठराविक थांब्यावर तिघे जण मिळून बसतात, प्रत्येकाचे भाडे ठरलेले असते, वाट ठरलेली असते आणि मीटर टाकण्याचा प्रश्नच येत नाही. चालकास भरलेल्या गाडीची आणि ओळखीच्या रस्त्याची हमी मिळते, प्रवाशास नकाराची धास्ती नाही. म्हणूनच सर्वांत वाईट पावसातही या रांगा हळूहळू का होईना पुढे सरकताना दिसतात. उलट, तिघांऐवजी चौघांना बसविण्याची आणि एकास चालकाच्या आसनावर टेकविण्याची जी वहिवाट काही ठिकाणी पडली आहे, ती नियमबाह्य आहे, आणि वर सांगितलेल्या त्रिकोणाचा तोल ध्यानात घेता धोक्याचीही आहे.

नकार थांबवावयाचा असेल, तर दंड वाढवा, भरारी पथके नेमा, तक्रारीचे क्रमांक रिक्षाच्या पाठीवर रंगवा, अशा सूचना दरसाल होतात, आणि त्यांतील प्रत्येकीचा काही ना काही उपयोग आहेच. परंतु दंड हा निवडीला वचक बसवितो. तुंबलेला रस्ता, तीन चाकोऱ्यांना न चुकणारा खड्डा आणि मीटरवर न उमटणारा तास यांच्यावर त्याचा काहीएक अंमल चालत नाही. अतिवृष्टीचा इशारा जाहीर झालेल्या दिवशी थांबण्याचा आकार वाढवून, तो प्रवाशास आगाऊ कळेल असा दरपत्रकात छापणे, प्रत्येक स्थानकाबाहेर छपराखाली अधिकृत शेअर थांबे देणे, आणि भुयारी मार्ग बंद झाल्याची वर्दी पाणी चढण्यापूर्वी नाक्यावर लावणे, या गोष्टी प्राधिकरणाच्या आणि महापालिकेच्या अधिकारात आजही आहेत, आणि त्यांना नाले रुंद करण्याइतका अवधी किंवा द्रव्य लागत नाही. एवढे करूनही जो चालक मान हलवील, त्यास मुजोर म्हणण्याचा अधिकार प्रवाशास निर्विवाद प्राप्त होईल.